कुवेत १९९०: माणसं घरी आली, डॉलर निघून गेले

१९९१ चं परकीय चलनाचं संकट म्हटलं की लोकांना गहाण टाकलेलं सोनं आठवतं आणि मनमोहन सिंगांचं बजेट आठवतं, कुवेत मात्र कुणाच्या फारसं लक्षात नसतं, आणि असलंच तर फक्त तिथल्या भारतीयांना परत आणणाऱ्या विमानांच्या विक्रमापुरतं. मला या प्रकरणात इंटरेस्ट आहे तो वेगळ्या कारणानं. एका बाजूला माणसं भरपूर आणि पैसा कमी असलेला देश, दुसऱ्या बाजूला मूठभर माणसं आणि पैसा मावेनासा झालेला देश, आणि या दोघांमध्ये कामगार, तेल, सोनं, बँकेतल्या ठेवी हे सगळं कसं फिरतं ते एरवी कुणाला दिसत नाही कारण ते गुपचूप चालू असतं. २ ऑगस्ट १९९० ला इराकच्या सद्दाम हुसेनचं सैन्य कुवेतमध्ये घुसलं, हा सगळा व्यवहार एका रात्रीत बंद पडला, आणि बंद पडल्यावरच कळलं की काय कशाला जोडलेलं होतं.

आपल्याकडे "गल्फचा पैसा" असा एकच शब्द वापरतात. माझं म्हणणं असं की त्यात तीन वेगवेगळे पैसे होते आणि संकट आल्यावर तिन्ही तीन तऱ्हेनं वागले. संकटाची निम्मी गंमत (गंमत कसली म्हणा) तिथंच आहे.

आधी माणसांचा हिशोब

कुवेतची पहिली जनगणना १९५७ ची, तेव्हा तिथं साधारण २ लाख लोक होते. १९८५ मध्ये तो आकडा १७ लाखांच्या आसपास गेला. अठ्ठावीस वर्षांत आठपट लोकसंख्या ही काही पाळण्यातून होत नाही, ही बाहेरून आणलेली माणसं. पॅलेस्टिनी, इजिप्शियन, भारतीय, पाकिस्तानी, बांगलादेशी, फिलिपिनो. स्थानिक कुवेती आपल्याच देशात अल्पसंख्य झाले होते.

तेलाच्या आधी कुवेत म्हणजे मोती, खजूर आणि गलबतं. तिथले मोती मुंबईच्या बाजारात यायचे, आणि १९६१ पर्यंत तिथं चलन म्हणून आपला रुपया चालायचा, १९५९ नंतर तर रिझर्व्ह बँक आखातासाठी वेगळा "गल्फ रुपया" छापायची. म्हणजे आपण तिथं नोकरी मागायला जायच्या आधी त्यांच्या खिशात आपल्या नोटा होत्या. असो.

१९७३-७४ मध्ये तेलाचा भाव काही महिन्यांत चौपट झाला, साधारण ३ डॉलरवरून १२ च्या जवळ, आणि कुवेतपुढे दोन प्रश्न एकदम उभे राहिले. एवढं बांधकाम करायला माणसं कुठून आणायची, आणि एवढे पैसे ठेवायचे कुठे. पहिल्याचं उत्तर भारतीय उपखंड आणि अरब शेजारी. दुसऱ्याचं उत्तर लंडन. १९५३ पासून त्यांचं गुंतवणुकीचं ऑफिस लंडनमध्ये होतंच, १९७६ मध्ये कायदाच केला की दरवर्षी उत्पन्नाचा १० टक्के हिस्सा भावी पिढ्यांच्या फंडात जाणार. १९८० च्या दशकाच्या शेवटी या लोकांनी ब्रिटिश पेट्रोलियमचे २१ टक्क्यांहून जास्त शेअर्स गोळा केले होते, इतके की ब्रिटिश सरकारनं घाबरून ते कमी करायला लावले. थोडक्यात, माणसं आयात आणि भांडवल निर्यात.

आपलं बरोबर उलटं. १९८१ मध्ये आपण ६८ कोटी, १९९१ मध्ये ८४ कोटींच्या वर, म्हणजे दहा वर्षांत १६ कोटींची भर आणि त्या मानानं नोकऱ्या कुठायत? पण इथं एक गोष्ट नीट बघायला हवी. लोकसंख्या वाढली म्हणून माणसं परदेशी जातात हे अर्धसत्य आहे. तसं असतं तर आखात तेव्हाच बिहार आणि उत्तर प्रदेशच्या माणसांनी भरून गेलं असतं. त्या काळात जास्त करून गेले ते मल्याळी, गोवेकर, हैदराबादी आणि आपल्याकडचे रत्नागिरी-रायगडचे. कारण यांच्या घरातलं कुणीतरी आधीच जहाजावर होतं नाहीतर मुंबईत गोदीत होतं, पासपोर्ट म्हणजे काय हे माहीत होतं, आणि गावचा एक माणूस तिकडे लागला की तो मेव्हण्याला बोलावतो, मेव्हणा चुलतभावाला, असं ते चालतं. खेड, चिपळूण, श्रीवर्धन, म्हसळा या पट्ट्यात मोहल्लेच्या मोहल्ले असे उभे राहिलेत. गोव्यात तर कुवेतला कुणी नाही असं गाव सापडणं मुश्कील.

तीन वाटा

समजा खेडचा एक माणूस कुवेतला वायरमन आहे. महिन्याला हातात दिनार येतात, जेवण-खोलीचं वजा जाऊन जे उरतं ते घरी पाठवायचं.

पहिली वाट सरळ. एक्सचेंज हाऊसमध्ये जायचं, मुंबईच्या बँकेवरचा ड्राफ्ट काढायचा, रजिस्टर्ड पोस्टानं घरी पाठवायचा. तो यायला दिवस लागायचे, मग बँकेत भरला की वटायला आणखी दिवस. आणि भाव सरकारी. रुपया तेव्हा सरकारनं ठरवलेल्या भावाला बांधलेला, बाजारात डॉलरला त्याहून जास्त मिळायचे.

म्हणून दुसरी वाट. हवाला. कुवेतमध्ये एकाच्या हातात दिनार द्यायचे, तो खूण म्हणून एखाद्या नोटेचा नंबर सांगणार, दोन दिवसांत गावात एक माणूस दारात येऊन रुपये मोजून देणार, तेही चढ्या भावानं. घरच्यांसाठी यात वाईट काय? काही नाही. पण या वाटेतले दिनार भारतात कधी यायचेच नाहीत. ते तिकडेच राहायचे आणि त्यातून मुख्यतः दुबईत सोनं घेतलं जायचं. भारतात सोनं आणायला तेव्हा कायद्यानं वावच नव्हता, वर १९६८ चा गोल्ड कंट्रोल ॲक्ट (तो १९९० मध्ये रद्द झाला), त्यामुळे दुबईच्या आणि झवेरी बाजारच्या भावात मोठा फरक. सोनं चोरट्या मार्गानं पश्चिम किनाऱ्यावर उतरायचं, विकलं जायचं, आणि त्याचे रुपये खेडच्या घरी पोचायचे. म्हणजे कागदावर जी रक्कम घरखर्चाची म्हणून यायला हवी होती ती प्रत्यक्षात सोन्याच्या आयातीच्या रूपात येत होती, आणि सरकारी हिशोबात दोन्हीचा पत्ता नाही. स्थलांतराचा व्यापारावर परिणाम काय होतो असं कुणी विचारलं तर मी हेच उदाहरण देईन, कारण ते कुठल्याच तक्त्यात सापडत नाही.

तिसरी वाट ठेवींची. १९७५ मध्ये एफसीएनआर नावाची खाती सुरू झाली. अनिवासी भारतीयानं डॉलर किंवा पौंडात ठेव ठेवायची, व्याज परदेशातल्यापेक्षा थोडं जास्त, आणि परत घेताना पुन्हा डॉलरच मिळणार. मधल्या काळात रुपया पडला तर तोटा कुणाचा? रिझर्व्ह बँकेचा. ठेवीदाराला धोका शून्य. मार्च १९९१ ला या खात्यांत साधारण १० अब्ज डॉलर साठले होते. आता मला सांगा, सायटीवर आठ जणांच्या खोलीत राहणाऱ्या वायरमनकडे ठेवायला डॉलर कुठून असणार. त्याचा पैसा घराच्या स्लॅबमध्ये, बहिणीच्या लग्नात आणि एजंटचं कर्ज फेडण्यात जातो. या ठेवी प्रामुख्यानं सुस्थितीतल्या लोकांच्या, डॉक्टर, व्यापारी, मॅनेजर, जे दोन देशांचे व्याजदर शेजारी ठेवून बघतात. पण सरकारी भाषेत तेही "आपली माणसं" आणि वायरमनही "आपली माणसं".

ऑगस्ट १९९० ते जुलै १९९१

कुवेतमध्ये तेव्हा पावणेदोन लाखांच्या आसपास भारतीय होते. परराष्ट्रमंत्री इंद्रकुमार गुजराल बगदादला जाऊन सद्दामला भेटले, त्या मिठीचा फोटो जगभर छापून आला आणि त्यावर टीकाही भरपूर झाली, पण परवानगी मिळाली. लोक बसमधून बसरा, बगदाद करत जॉर्डनमध्ये अम्मानला पोचायचे आणि तिथून एअर इंडियाचं विमान. ५९ दिवस, ४८८ फेऱ्या, एक लाख अकरा हजारांहून जास्त माणसं. त्यातले बरेचसे सहार विमानतळावर एका बॅगेनिशी उतरले. ज्यांच्याकडे कुवेती दिनारची रोकड होती त्यांची अवस्था तर विचारू नका, दिनारला आधी तीन डॉलरच्या वर मिळायचे, इराकनं तो आपल्या पडेल दिनारच्या बरोबरीचा ठरवला आणि पुढे चलनातूनच काढून टाकला.

आणि कुवेती लोक? त्यांचं सरकार पळून सौदीत तायफला बसलं, पण पैसे लंडनमध्ये सुरक्षित होते. देश शत्रूच्या ताब्यात असताना त्या परदेशी गुंतवणुकीतून त्यांनी आपल्या नागरिकांना पोसलं, आणि अमेरिकेच्या युद्धखर्चाचा मोठा वाटाही उचलला. छोट्या लोकसंख्येच्या देशानं भांडवल बाहेर ठेवलं होतं म्हणून तो तरला. आपल्या माणसाची मात्र सगळी कमाई म्हणजे त्याची नोकरी, ती गेली की संपलं.

आता दिल्लीच्या बाजूनं बघू. पहिला दणका तेलाचा. जुलैत १७-१८ डॉलरला असलेलं पिंप ऑक्टोबरपर्यंत ४० च्या घरात गेलं, शिवाय आपण इराक आणि कुवेत दोघांकडूनही तेल घ्यायचो, ते बंद, मग मिळेल तिथून चढ्या भावात खरेदी. तेलाच्या आयातीचं बिल १९८९-९० मध्ये पावणेचार अब्ज डॉलर होतं ते १९९०-९१ मध्ये ६ अब्जांवर. संयुक्त राष्ट्रांनी इराकवर व्यापारबंदी घातल्यामुळे तिकडची आपली निर्यातही गेली.

दुसरा दणका घरी येणाऱ्या पैशाचा असायला हवा होता. सगळे तेच धरून चालले होते, की एवढी माणसं परत आली म्हणजे परदेशातून येणारी रक्कम कोसळणार. ती घटली, पण कोसळली नाही. १९९०-९१ मध्ये खासगी रकमा २ अब्ज डॉलरच्या थोड्या वर होत्या, आधीच्या वर्षापेक्षा थोड्याच कमी, कारण सौदी, अमिरात, ओमानमधली माणसं पाठवतच राहिली. घरच्यांना पैसे लागतातच, त्यात रुपया पडेल का, सरकार टिकेल का, असे प्रश्न मध्ये येत नाहीत.

खरा दणका तिसऱ्या वाटेवरून आला. ऑक्टोबर १९९० मध्ये मूडीज या पतमापन संस्थेनं आपलं रेटिंग उतरवलं, दिल्लीत व्ही. पी. सिंग जाऊन चंद्रशेखर आले, तेही मार्चमध्ये गेले, आणि ठेवीदारांनी पैसे काढायला सुरुवात केली. एप्रिल ते जून १९९१ या तीनच महिन्यांत ठेवींमधून साधारण ९५ कोटी डॉलर बाहेर गेले. या आकड्याचं वजन कळायला दुसरा आकडा शेजारी ठेवा, जूनच्या अखेरीस आपल्याकडे सोनं सोडून परकीय चलन उरलं होतं ११० कोटी डॉलरच्या आसपास, दोन-तीन आठवड्यांच्या आयातीपुरतं. ज्यांच्या नोकऱ्या गेल्या, घर सोडून पळावं लागलं, त्यांच्यामुळे देश अडचणीत आला नाही. ज्यांना बसल्या जागी फॉर्म भरून पैसे काढता येत होते त्यांच्यामुळे आला.

म्हणजे सगळा दोष ठेवीदारांचा असं मी म्हणत नाही. १९९०-९१ ची चालू खात्यावरची तूट (म्हणजे व्यापार, व्याज, घरी येणाऱ्या रकमा असं सगळं धरून कमी पडलेलं परकीय चलन) ९.७ अब्ज डॉलर होती, १९८० चं सगळं दशक सरकारनं उत्पन्नापेक्षा जास्त खर्च करून काढलं होतं, आणि वरून परदेशी बँकांकडून कमी मुदतीची कर्जं उचलली होती. त्या बँकांतल्या पैशात आखाती तेलाच्या ठेवी मोठ्या प्रमाणावर असायच्या, म्हणजे कुवेतसारख्या देशांचं उरलेलं भांडवल लंडन फिरून आपल्याकडे कर्ज म्हणून यायचं आणि आपली माणसं तिकडे मजूर म्हणून जायची. दारू भरलेली होतीच, काडी कुवेतनं लावली.

आयातीचं काय झालं ते फार कुणी सांगत नाही, म्हणून जरा सविस्तर. डॉलर वाचवायचे तर आयात दाबणं हाच तातडीचा उपाय. ऑक्टोबर १९९० मध्ये रिझर्व्ह बँकेनं आयातदारांना एलसीसाठी (परदेशी विक्रेत्याला बँक देते ती पैशाची हमी) ५० टक्के कॅश मार्जिन भरायला लावलं, मार्चमध्ये ते १३३ टक्क्यांवर गेलं, एप्रिलमध्ये २००. म्हणजे भोसरीच्या एखाद्या वर्कशॉपवाल्याला १ लाखाचं बेअरिंग किंवा ॲलॉय स्टील मागवायचं तर २ लाख आधी बँकेत अडकवून ठेवायचे, ते पण व्याजाचे दर चढलेले असताना. बड्या कंपन्यांनी कसंतरी निभावलं, छोट्यांनी मशिनं झाकून ठेवली. आयात १९९०-९१ मध्ये २४ अब्ज डॉलरची होती, पुढच्या वर्षी १९ अब्जांच्या आसपास. एकाच वर्षात पाचवा हिस्सा गायब. कुवेतमधली नोकरी गेलेला माणूस आणि भोसरीत ले-ऑफ मिळालेला माणूस एकमेकांना ओळखतही नसतील, पण त्यांना एकाच व्यवहारानं मारलं.

मग सोनं. मे १९९१ मध्ये स्टेट बँकेमार्फत २० टन सोनं स्वित्झर्लंडच्या युनियन बँकेकडे गेलं, परत विकत घ्यायच्या अटीवर. हे सोनं कुठलं होतं? सरकारनं चोरट्या व्यापाऱ्यांकडून जप्त केलेलं. आता दुसरी वाट आठवा. गल्फमधल्या माणसानं हवाल्यात दिलेले दिनार, त्यातून घेतलेलं दुबईचं सोनं, किनाऱ्यावर उतरताना कस्टमनं पकडलेलं, आणि जे डॉलर सरळ वाटेनं रिझर्व्ह बँकेत यायला हवे होते तेच डॉलर मिळवायला सरकार तेच सोनं स्वित्झर्लंडला पाठवतंय. सगळं सोनं याच वाटेनं आलेलं असं कुणी सिद्ध करू शकणार नाही, पण यापेक्षा चोख उलटा प्रवास मला तरी माहीत नाही. जुलैत रिझर्व्ह बँकेनं स्वतःचं जवळपास ४७ टन सोनं बँक ऑफ इंग्लंड आणि बँक ऑफ जपानकडे तारण ठेवून ४० कोटी डॉलर उचलले. १ आणि ३ जुलैला रुपयाचं अवमूल्यन झालं, २१ च्या आसपासचा डॉलर २६ च्या जवळ.

नंतर

कुवेत फेब्रुवारी १९९१ च्या अखेरीस मोकळं झालं आणि वर्षभरात आपली माणसं परत जायला लागली. पण सगळ्यांना परत घेतलं नाही. पॅलेस्टिनींच्या नेत्यांनी सद्दामची बाजू घेतली म्हणून तीन-साडेतीन लाख पॅलेस्टिनींना कुवेतची दारं बंद झाली. सौदीनं त्याच रागात लाखो येमेनी काढले. त्यांच्या कित्येक जागा दक्षिण आशियाच्या माणसांनी भरल्या, कारण आपल्या माणसाला तिथल्या राजकारणाशी देणंघेणं नाही हे त्या सरकारांना सोयीचं वाटलं. आज कुवेतमध्ये १० लाखांच्या आसपास भारतीय आहेत, परदेशी लोकांत सगळ्यात जास्त. कामगार कुठून आणायचे हे लोकसंख्येचे आकडे ठरवत नाहीत, मालकाला कुणाची भीती वाटत नाही यावर ते ठरतं, असं माझं मत झालंय.

घरदार-पगार गमावलेल्यांना संयुक्त राष्ट्रांच्या भरपाई आयोगाकडून पैसे मिळाले, इराकच्या तेलविक्रीतून कापून घेतलेले.

आपल्याकडे खरा बदल झाला तो हवाल्याच्या वाटेवर, आणि तो पोलिसांनी केला नाही, भावानं केला. १९९२ मध्ये परतणाऱ्या माणसाला ड्युटी परकीय चलनात भरून ५ किलोपर्यंत सोनं आणायची मुभा दिली, आणि मार्च १९९३ मध्ये डॉलरचा भाव बाजारावर सोडला. सरकारी भाव आणि काळा भाव यातली फटच बुजली, मग चोरून पाठवायचं कशाला? २ अब्जांच्या घरातली रक्कम १९९४-९५ मध्ये ८ अब्ज डॉलरवर गेली. तेवढ्यात चौपट माणसं काही गल्फला गेली नव्हती. पैसे आधीही येतच होते, फक्त आता बँकेतून यायला लागले. म्हणून जुने आकडे घेऊन "स्थलांतर वाढलं तसा पैसा वाढला" असा आलेख काढणाऱ्यांनी जरा जपून.

ठेवींच्या बाबतीत मात्र आपण निम्माच धडा घेतला. जुनी योजना १९९४ पर्यंत बंद केली, नव्या योजनेत रुपया पडायचा धोका बँकांवर टाकला, हे बरं झालं. पण अडचण आली की परत त्याच दारात जायची सवय राहिली. १९९१ मध्येच इंडिया डेव्हलपमेंट बाँड, पोखरणनंतर १९९८ मध्ये रिसर्जंट इंडिया बाँडमधून ४.२ अब्ज डॉलर, २००० मध्ये आणखी साडेपाच अब्ज, आणि २०१३ मध्ये रुपया घसरला तेव्हा रिझर्व्ह बँकेनं बँकांचा चलनाचा धोका स्वस्तात स्वतःवर घेऊन २६ अब्ज डॉलरच्या ठेवी आणल्या. जाहिरातीत प्रत्येक वेळी मातृभूमी. २०१३ ला तर परदेशी बँकाच अनिवासींना कर्ज देत होत्या, ते इथं ठेवायचं आणि मधलं व्याज खिशात टाकायचं. धंदा म्हणून यात गैर काही नाही, फक्त त्याला मायभूमीची ओढ म्हणू नये. रिझर्व्ह बँकेच्या २०२३-२४ च्या पाहणीत बाहेरून येणाऱ्या रकमेत अमेरिका पहिली, २७ टक्क्यांच्या वर, अमिरात दुसरी, आणि राज्यांमध्ये महाराष्ट्र केरळच्याही पुढे, २० टक्क्यांवर. महाराष्ट्राचा हा आकडा पाहून छाती फुगवायच्या आधी एवढं बघावं की कुठल्याकुठल्या मोठ्या बँकांच्या मुख्य शाखा मुंबईत आहेत, म्हणजे इथं नोंदलेली सगळी रक्कम इथल्याच घरांत जाते असं नाही, आणि दुसरीकडे २०११ च्या जनगणनेत रत्नागिरी जिल्ह्याची लोकसंख्या आधीपेक्षा कमी भरली होती.